चार दिवसांनी लहान

सरायभगतच्या प्राथमिक शाळेत रामसूरत मास्टरांनी सव्वीस वर्षांत हजारभर मुलांच्या जन्मतारखा ठरवल्या. जुलै उजाडला की बाया-बापे पोरांचे हात धरून ओसरीवर रांगेत बसत. मास्टर दाखल-रजिस्टर मांडीवर घेऊन विचारत, "हा केव्हाचा?"

"पूर आला होता ना मास्टरसाहेब, चुलीत बेडूक शिरले होते, त्याच्या पुढच्या होळीला."

मास्टर बोटं मोजत, मनाशी वर्ष धरत आणि मग त्यातून एक-दोन वर्षं काढून टाकत. हे त्यांना कुणी शिकवलं नव्हतं आणि सगळ्यांनीच शिकवलं होतं. त्यांच्या मास्टरनं त्यांचंही असंच केलं होतं. पोलिसात भरती व्हायचं, रेल्वेत लागायचं, तर वयाची अट आडवी येते. कागदावर पोर लहान असेल तर परीक्षेला दोनदा जास्त बसता येतं आणि नोकरी लागली तर शेवटी दोन वर्षं जास्त मिळतात. कुणाचं काही घ्यायचं नाही, कुणाचं काही बिघडत नाही. तारीख बहुतेकांची एकच, एक जुलै. शाळा तेव्हाच उघडते, हिशेबाला सोपं.

एका वर्षी तपासणीला आलेले साहेब रजिस्टर चाळता चाळता हसायला लागले. म्हणाले, "मास्टरसाहेब, तुमच्या गावच्या बायका सगळ्या ठरवून एकाच दिवशी बाळंत होतात काय? सुईणीची मोठीच धावपळ होत असेल."

ओसरीवर हशा पिकला. मास्टरही हसले, पण कान लाल झाले.

त्याच महिन्यात त्यांनी स्वतःच्या मुलीचं, प्रेमशीलेचं, नाव शाळेत घातलं. धनेसरी, त्यांची बायको, पोरीला तेल लावून, दोन वेण्या घालून घेऊन आली होती. दारातूनच म्हणाली, "संक्रांतीच्या खिचडीनंतर चौथ्या दिवशी झालीय. माघातली. थंडीनं माझे हात वळत नव्हते, आठवतंय ना तुम्हाला?"

"आठवतंय. माघ लिहून काय करायचंय? गप बस जरा."

मास्टर थोडा वेळ लेखणी धरून बसले. पोरीची दीड वर्षं त्यांनी काढून टाकली, ते ठरलेलंच होतं. पण साहेबांचं ते बोलणं काही मनातून जाईना. निदान आपल्या पोरीची तारीख तरी खरी दिसावी. त्यांनी लिहिलं, पाच जुलै. शाई वाळेपर्यंत ते त्या ओळीकडे बघत राहिले. सगळ्या पानावर तेवढी एकच तारीख वेगळी होती आणि खरंच खरी वाटत होती.

प्रेमशीला शिकवण्यासाठीच जन्माला आली होती, असं म्हटलं तर फार होईल. पण तिला दुसरं काही सुचतच नसे, हे खरं. सरकारी मास्टर म्हणजे निम्मं वर्ष शाळेबाहेर. कधी खानेसुमारी, कधी मतदानाची पेटी, कधी लसीकरणाची यादी. मास्टर असे गेले की पहिलीचा वर्ग प्रेमशीला बघायची. तेव्हा ती स्वतः आठवीत होती. चिंचोके घेऊन ती पाढे शिकवायची आणि ज्याला पाढा आला त्याला तेवढे चिंचोके खिशात टाकून घरी न्यायला द्यायची. संध्याकाळी एखादी आई तक्रार घेऊन यायची, "मास्टरसाहेब, तुमच्या पोरीनं आमच्याकडे चिंचोक्यांचा ढीग केलाय. पोरगं चुलीत घालू देत नाही. म्हणतं, हा सोळाचा पाढा आहे."

बारावी होऊन वर्ष झालं आणि अध्यापक प्रशिक्षणाची जाहिरात निघाली. बारावीच्या गुणांवर निवड, दोन वर्षांचं शिक्षण आणि पुढे सरकारी शाळेत नेमणूक. प्रेमशीलेनं तेव्हा बी.ए.ला नाव घातलं होतं, ते तिनं सोडून दिलं. गुणवत्ता यादीत मुलींमध्ये तिचा अकरावा नंबर लागला. धनेसरीनं गुळाची खीर केली आणि अख्ख्या आळीला वाटली.

कागद तपासणीच्या दिवशी खिडकीतल्या कारकुनानं तिचं दहावीचं प्रमाणपत्र दोनदा वाचलं. मग बोटांवर मोजलं. "एक जुलैला अठरा पूर्ण पाहिजेत. तुझी पाच जुलै. चार दिवस कमी पडतात."

"चारच दिवस ना?" प्रेमशीला म्हणाली.

"चार काय आणि चारशे काय, कमी ते कमी. चार दिवस आधी यायला काय झालं होतं बेटी, एवढी कसली वाट बघत होतीस?"

रांगेतल्या पोरी हसल्या. प्रेमशीलाही हसली. तिला वाटलं, ही तर अगदी सोपी गोष्ट आहे. मागे उभ्या बापाकडे वळून ती म्हणाली, "बाबूजी, सांगा ना यांना. मी तर माघातली आहे."

कारकुनानं मास्टरांकडे बघितलं. मास्टरांनी खिडकीच्या गजाला हात लावला, मग काढून घेतला. म्हणाले, "चल. पाठीमागे रांग आहे."

त्याच रांगेत सरायभगतच्या भडभुंज्याची रजवंती होती. प्रेमशीलेहून खऱ्या वयानं वर्षभर तरी लहान. तिची तारीख एक जुलै होती. तिला प्रवेश मिळाला. जाताना ती मास्टरांच्या पाया पडून गेली.

पुढच्या वर्षापासून नियम बदलणार असल्याचं तिथेच कळलं. बारावी चालणार नाही, पदवी लागेल. म्हणजे पुन्हा येऊ म्हणून परत फिरायची सोय नव्हती. रजवंतीच्या मामानं इलाहाबादच्या एका वकिलाचं नाव सांगितलं आणि आठवडाभरात मास्टर, धनेसरी आणि प्रेमशीला हायकोर्टाच्या मागच्या गल्लीत निगम वकिलांच्या दारात उभे राहिले. खोलीत एकालाच बसायला जागा होती. बाकी खुर्ची, स्टूल, खिडकीची चौकट, सगळीकडे फायली. मायलेकी बाहेर कडुनिंबाखाली भाजलेले चणे खात बसल्या.

निगम वकिलांनी कागद बघितले. "दोन रस्ते आहेत. एक, नियमाशी भांडायचं. एक जुलैच का, सत्र तर ऑगस्टात सुरू होतं, अठराची अट कशाला, असं. ताबडतोब तात्पुरता प्रवेश मिळवून देईन, तो मिळतो. शेवटचं काय, ते सांगता येत नाही. माझं मत विचाराल तर हरू."

"आणि दुसरा?"

"दुसरा म्हणजे तारीखच चूक आहे असं दाखवायचं. पण दहावीच्या कागदापुढे कोर्ट दुसरं काही मानत नाही. ज्यानं पहिल्यांदा रजिस्टरात लिहिली, तो माणूस शपथेवर सांगायला हवा की मी चुकीची लिहिली. असा माणूस कुठे सापडायचा?"

मास्टरांनी घसा साफ केला. "समजा, सापडला. समजा, एखादा मुख्याध्यापक आहे. त्यानं सगळ्यांच्याच तारखा अंदाजानं लिहिल्या. वर्ष-दोन वर्षं कमी करून. तर त्याचं काय होईल?"

निगमांनी चष्मा काढला. "मास्टरसाहेब, तुम्ही मला खरं सांगताय की उदाहरण देताय?"

"उदाहरण."

"बरं, मग उदाहरणाचंच उत्तर देतो. त्याच्यावर चौकशी बसेल. नोकरी जाऊ शकते, पेन्शन अडकेल. आणि त्या रजिस्टरात ज्यांची नावं आहेत, ती पोरं आज पोलिसात, फौजेत असतील, तर त्यांचे वैरी ते रजिस्टर मागवतील. पण मुलीचं काम होईल. बहुतेक होईल."

मास्टर बाहेर आले. त्यांच्या डोळ्यांपुढे पोरांचे चेहरे येत होते. बनारसला हवालदार झालेला, आसामात सीमेवर असलेला, वीज खात्यातला. हे चेहरे त्यांनी मुद्दाम पुढे आणले होते, हे त्यांना नंतर कळलं. पहिल्यांदा जे आलं होतं ते एवढंच, की निवृत्तीला चार वर्षं राहिली आहेत. ते स्वतःही कागदावर दोन वर्षांनी लहान होते.

"काय म्हणाले?" धनेसरीनं विचारलं.

"एकच रस्ता आहे. नियमाशी भांडायचं."

"मी येऊन सांगू का जजसाहेबांना? गंगाजल हातात घेऊन सांगते. मी जन्म दिलाय, मला ठाऊक नसेल तर कुणाला?"

"कोर्टात बाईचं तोंडी चालत नाही," मास्टर म्हणाले. आणि विषय संपावा म्हणून पुढे बोलून गेले, "कुंडली असती तर गोष्ट वेगळी होती."

धनेसरीच्या हातातले चणे हातातच राहिले. पोर झाली तेव्हा पंडित दारात आला होता. सासू म्हणाली होती, मुलीची कुंडली कशाला, आणि धनेसरीनं त्याला शेरभर तांदूळ देऊन परत पाठवलं होतं.

तात्पुरता प्रवेश खरंच मिळाला. निकालाच्या अधीन राहून, असं त्या कागदावर लिहिलं होतं, पण ती ओळ घरात कुणी मोठ्यानं वाचली नाही. प्रेमशीला वसतिगृहात राहायला गेली. सुट्टीत आली की फळ्यावर अक्षर गोल कसं काढायचं, मागच्या बाकावरच्या पोराशी बोलताना आवाज चढवायचा की उतरवायचा, हे ती बापाला शिकवायची. मास्टर म्हणायचे, "एवढी वर्षं मी काय गाढवं राखली?" ती म्हणायची, "नाही बाबूजी, पण काठी तीच वापरलीत." दोघंही हसायची. ती दोन वर्षं मास्टर पुष्कळदा विसरून जात. मग कोर्टाची तारीख पडली असं निगमांचं कार्ड येई आणि ते कार्ड ते सदऱ्याच्या आतल्या खिशात ठेवत.

सराव-पाठात ती पहिली आली. शेवटची परीक्षा दिली. सगळ्यांचे निकाल लागले, तिचा लखोट्यात बंद राहिला. दरम्यान मडियाहूकडचं स्थळ आलं, मुलगी मास्टरीण होणार म्हणून देण्याघेण्याचं फार ताणलं नाही आणि लग्न झालं. दावा मात्र चालूच होता.

साडेतीन वर्षांनी शेवटची सुनावणी झाली तेव्हा प्रेमशीला सासरी होती, दिवस गेलेले होते. धनेसरीला मास्टरांनी नेलं नाही. ते एकटेच मागच्या बाकावर बसले. निवृत्तीला सहा महिने राहिले होते. खऱ्या वयानं ते केव्हाच घरी बसायला हवे होते.

निगम चांगले बोलले. जज शांतपणे ऐकत होते. मग त्यांनी प्रमाणपत्र हातात घेऊन विचारलं, "ही तारीख चुकीची नोंदवली आहे, असं तर तुमचं म्हणणं नाही ना? तसा काही पुरावा, कुणाचं शपथपत्र?"

निगमांनी मान वळवली. सगळ्या बाकांवरून त्यांची नजर मास्टरांवर येऊन थांबली. फार वेळ नाही, पण थांबली. मास्टरांचे पाय जमिनीवर दाबले गेले. उठायचं असलं म्हणजे माणूस आधी पाय दाबतो. ते तसेच दाबून बसले.

"नाही, माय लॉर्ड," निगम म्हणाले.

नियम नियम आहे, कुठेतरी रेघ ओढावीच लागते आणि रेघेच्या पलीकडे कुणीतरी चार दिवसांनी राहणारच, अशा अर्थाचं निकालात लिहिलं होतं. प्रवेश रद्द झाला. लखोटा उघडला नाही. व्हरांड्यात निगम म्हणाले, "मास्टरसाहेब, उदाहरण द्यायला आज शेवटची संधी होती," आणि दुसऱ्या फाईलमागे निघून गेले.

सासरी प्रेमशीलेची सासू काही दुष्ट बाई नव्हती. पण शेजारणी आल्या की म्हणे, "आमची बिनपासची मास्टरीण चहा करतेय, बसा." बी.ए. पुन्हा धरायचं प्रेमशीलेनं एकदा काढलं. नवरा म्हणाला, तीन वर्षं कॉलेज, मग पुन्हा अर्ज, पुन्हा कोर्ट? पहिला मुलगा झाला आणि ते बोलणं तिथेच राहिलं. पुढे मडियाहूच्या एका खाजगी शाळेत तिनं नोकरी धरली. पत्र्याचं छप्पर, तीन खोल्या. हजेरीच्या वहीत तिचं नाव शिक्षकांच्या यादीखाली रेघ मारून 'मदतनीस' म्हणून होतं, कारण तिच्याकडे प्रशिक्षणाचा कागद नव्हता. प्रशिक्षण होतं, कागद नव्हता.

दुसऱ्या खेपेला मुलगी झाली. ती सहा दिवसांची झाली तेव्हा धनेसरी इकडे सरायभगतला उठली, चिखल तुडवत कोसभर चालत पंडिताच्या दारात गेली आणि नातीची कुंडली मांडून मागितली. घटका-पळं सगळं विचारून आली होती. परत आल्यावर तिनं ती गुंडाळी पेटीत ठेवली, वर तुळशीचं पान ठेवलं. मास्टर निवृत्त होऊन घरीच असत. त्यांनी विचारलं, "एवढी काय घाई होती?"

"एकदा माझ्या हातून राहिली," धनेसरी म्हणाली. "पोरीचं आयुष्य गेलं त्यात. आता नाही राहू द्यायची."

ती हे सहज बोलली, जुनं दुखणं सांगावं तसं. मास्टरांना तेव्हा पहिल्यांदा समजलं की कडुनिंबाखाली बोललेलं ते अर्धं वाक्य ही बाई एवढी वर्षं डोक्यावर घेऊन फिरते आहे.

तरी त्यांना चार महिने लागले. पावसाळा संपला, धान कापून झालं, मग धनेसरीनंच कुंडली, हिरव्या वाटाण्याची पिशवी आणि चिवडा बांधून त्यांना मडियाहूला पाठवलं.

ते आधी शाळेतच गेले. मधली सुट्टी होती. प्रेमशीला ओट्यावर बसून एका मुलीची वेणी सोडवत होती. तिनं बापाला पत्र्याच्या खुर्चीवर बसवलं आणि मुलीला पिटाळलं.

"अम्मानं एकटं कसं सोडलं तुम्हाला? वाटाणे सांडले असतील निम्मे."

"प्रेमशीला, तारीख मी लिहिली होती."

"ते तर सगळ्या गावाला माहीत आहे."

"तसं नाही. वकील म्हणाले होते, मी शपथेवर चूक कबूल केली तर तुझं होईल. पहिल्याच दिवशी म्हणाले होते, आणि नियमाशी भांडलं तर हरू, असंही. मी तुम्हाला सांगितलं, एकच रस्ता आहे. शेवटच्या दिवशी जजनंही विचारलं. मी बसून राहिलो."

ओट्याखाली पोरं लंगडी घालत होती. एकाच्या अंगावर प्रेमशीला उगाच ओरडली, "नाक पूस."

मग म्हणाली, "नोकरी गेली असती तुमची?"

"गेली असती. पोरांच्याही मागे लागले असते लोक."

"मला विचारलं असतंत तर मीच नको म्हणाले असते, बाबूजी. एकोणीस वर्षांची होते, कागदावर काही असो. विचारलं असतंत तर मी सांगितलं असतं, राहू दे, मी बी.ए. करते. तीन वर्षांत झालं असतं. साडेतीन वर्षं तुम्ही मला अशा ठिकाणी बसवलंत की जिथून मला उठवणार हे तुम्हाला ठाऊक होतं."

मास्टरांनी मान खाली घातली. त्यांना वाटलं होतं, ती रडेल किंवा माफ करेल. तिनं दोन्ही केलं नाही. घंटा झाली तशी ती उठली, पदर खोचला.

"अम्माला माहीत आहे?"

"नाही."

"मग मला कशाला सांगायला आलात? तिला सांगा. ती अजून कुंडलीचं रडते." वर्गाच्या दारातून ती पुन्हा वळली. "घरी जा, सासूबाई जेवायला वाढतील. त्यांच्यापुढे काही बोलू नका."

मास्टर तिच्या घरी गेले, नातीला पाहिलं, कुंडली दिली, जेवले नाहीत. मिळाली ती गाडी धरली.

दुसऱ्या दिवशी सकाळी धनेसरी अंगणात सूप घेऊन बसली असताना ते तिच्यापुढे पिढ्यावर बसले आणि सगळं सांगितलं. रजिस्टर, वकील, जज, सगळं. उदाहरण म्हणून नाही. सूप मधूनच थांबलं, मग पुन्हा चालू झालं. पाखडून झालेले तांदूळ तिनं डब्यात भरले, झाकण लावलं.

"म्हणजे कुंडली असती तरी काही झालं नसतं?"

"नसतं. ते मी असंच बोललो होतो."

"असंच," ती म्हणाली.

ती आत गेली. मास्टरांना भांड्यांचा आवाज ऐकू आला, मग पेटीचा. बाहेर आली तेव्हा तिच्या अंगावर लग्नाकार्यातली साडी होती आणि हातात बोचकं. लग्नाला चाळीस वर्षं झाली, ती एकटी कधी गाडीत चढली नव्हती.

"कुठे निघालीस?"

"पोरीकडे."

"अगं, जौनपूरला गाडी बदलावी लागते. तुला समजायचं नाही. थांब, मी सदरा घालतो."

"विचारीन कुणाला तरी. तोंड आहे मला." चपला घालता घालता तिनं सांगितलं, "दोन दिवसांच्या भाकऱ्या शिंक्यात आहेत. गाईला पाणी दाखवा."

"परत कधी येशील?"

धनेसरी फाटकापाशी थांबली, कडी काढली. "ती म्हणेल तेव्हा," म्हणाली आणि रस्त्याला लागली.